साहेबाच्या देशातली गरिबी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंग्लंडमधल्या लेस्टरला राहायला आल्यापासून पुण्या-कोल्हापूरचे नातेवाईक आणि इथे नव्याने शिकायला-नोकरीला आलेली मुलं मला फिरून फिरून तेच प्रश्न विचारतात. प्रत्येकाला वेगळं लिहिण्यापेक्षा उत्तरं एकदाच मांडून ठेवली आहेत. गरिबीचे आकडे मुख्यतः २०२३-२४ च्या सरकारी पाहणीतले आहेत आणि भत्त्यांचे दर २०२५-२६ चे. हे दर दर एप्रिलला बदलतात, म्हणून स्वतःचा अर्ज भरताना चालू दर बघूनच भरा.

१. ब्रिटनमध्ये खरंच गरीब लोक आहेत का? की आपल्या मध्यमवर्गालाच तिकडे गरीब म्हणतात?

आहेत. सुमारे १ कोटी ४० लाख लोक, म्हणजे पाचांत एकाहून थोडे जास्त. मुलांमध्ये प्रमाण आणखी वाईट आहे. जवळपास ४५ लाख मुलं, म्हणजे १०० मधली ३१, गरीब घरांत वाढतात.

घोटाळा होतो तो पौंडाचे रुपये केल्यामुळे. दिवसाला वीस पौंड म्हणजे दोन हजार रुपयांच्या वर, मग गरीब कसले? पण ते वीस पौंड कोथरूडमध्ये खर्च करायचे नसतात. लेस्टरमध्ये दुसऱ्याच्या घरातली एक खोली महिन्याला चार-पाचशे पौंडांना जाते. आधी खोलीचं भाडं द्या, हिवाळ्यात हीटर लावा, बसचा पास काढा आणि मग उरलेले पौंड मोजा.

त्याच्याही खाली आणखी एक पायरी आहे. ज्यांना पोटभर जेवण, ऊब, कोरडे कपडे, अंघोळीचं सामान यांतलंही काही जमत नाही, त्यांची मोजणी गरिबीवर संशोधन करणारी जोसेफ राउन्ट्री फाउंडेशन ही संस्था वेगळी करते. २०२२ या एका वर्षात असे ३८ लाख लोक होते आणि त्यांत सुमारे १० लाख मुलं. मध्यमवर्ग हा नव्हे.

२. गरिबीची रेषा नेमकी कशी ठरवतात?

देशातली सगळी घरं उत्पन्नाच्या क्रमाने एका रांगेत उभी करा. बरोबर मधोमध जे घर येईल त्याच्या उत्पन्नाचे ६० टक्के म्हणजे रेषा. घरात माणसं किती, मुलं किती, त्याप्रमाणे ती कमीजास्त करतात.

आपल्याकडे १९७१ मध्ये पुण्याच्या गोखले संस्थेतून दांडेकर आणि रथ यांनी उष्मांकांवरून रेषा आखली होती. इतके उष्मांक पोटात जायला किती पैसे लागतात, असा तो हिशोब. ब्रिटनची सुरुवातही तशीच झाली (प्रश्न ९ पाहा). पुढे पीटर टाउनसेंडसारख्या अभ्यासकांनी मुद्दा मांडला की माणूस जगतो कसा हे शेजारपाजाऱ्यांच्या राहणीवरूनच कळतं. वर्गातल्या सगळ्या पोरांकडे पावसाळी बूट असतील आणि एकाच्याच पायात नसतील, तर उष्मांक पुरेसे असूनही तो पोरगा गरीबच.

एक आक्षेप हमखास येतो. श्रीमंत आणखी श्रीमंत झाले की रेषा आपोआप वर जाते, मग गरिबी संपणार कशी? तसं होत नाही. रांगेच्या टोकाला उभ्या असलेल्या अब्जाधीशाचं उत्पन्न दुप्पट झालं तरी मधलं घर जागचं हलत नाही. खरी अडचण उलटी आहे. मंदी आली की मधल्या घराचं उत्पन्न घटतं, रेषा खाली येते आणि कोणाच्याही ताटात घासभर वाढलेला नसताना कागदावर गरिबी कमी होते. म्हणून २०१०-११ ची रेषा महागाईनुसार वाढवून दुसरी मोजणीही छापतात. पुढाऱ्यांना सोयीची असेल ती मोजणी ते वापरतात.

३. एका बातमीत एक आकडा, दुसऱ्या बातमीत दुसराच. असं का?

बहुतेक वेळा एक आकडा घरखर्च वजा करण्याआधीचा असतो आणि दुसरा वजा केल्यानंतरचा. भाडं, गृहकर्जाचं व्याज, पाणीपट्टी हे त्या घरखर्चात धरतात. मी या पानावर दिलेले गरिबीचे आकडे नंतरचे आहेत, आणि तेच बघावेत असं माझं ठाम मत आहे. घरमालकाच्या खात्यात गेलेल्या पैशांनी भाजी येत नाही.

एक विचित्र गोष्ट लक्षात ठेवा. भाड्यासाठी सरकारी मदत मिळते तेव्हा ती कुटुंबाचं ‘उत्पन्न’ म्हणून धरली जाते. भाडं वाढलं, त्याबरोबर मदतही वाढली, तर पहिल्या मोजणीत ते कुटुंब आधीपेक्षा सुखी दिसतं. पैसा आला तसा मालकाकडे गेला, हे दुसऱ्या मोजणीतच कळतं.

४. काम केलं की गरिबी जाते ना? तिकडे किमान वेतन तर चांगलं आहे.

गरीब मुलांपैकी दहांतल्या सुमारे सात मुलांच्या घरी किमान एक माणूस कामावर जातो. हे वाचून माझ्या काकांनी मला फोन केला होता, छपाईची चूक असावी म्हणून.

किमान वेतन १९९९ मध्ये ताशी ३.६० पौंडांपासून सुरू झालं. एप्रिल २०२५ मध्ये २१ वर्षांवरच्या माणसाला ते १२.२१ पौंड झालं. तासाचा दर वाईट नाही, प्रश्न तासांचा आहे. सुमारे दहा लाख लोक ‘झिरो अवर’ करारावर आहेत. मालक बोलावेल तेव्हा यायचं आणि न बोलावल्यास पगार नाही. केअर होम, गोदामं, हॉटेलं यांत हे सर्रास चालतं. त्यात पाळणाघर इतकं महाग की दोघांपैकी एकाला, बहुधा बाईला, अर्धवेळ काम धरावं लागतं.

सरकारी ‘नॅशनल लिव्हिंग वेज’ आणि ‘रिअल लिव्हिंग वेज’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिलं कायद्याने सक्तीचं आहे. दुसरं प्रत्यक्ष राहणीमानाच्या खर्चावरून काढलेलं आणि मालकाने स्वखुशीने द्यायचं असतं. दुसरं नेहमीच जास्त असतं, आणि लंडनसाठी त्याचा दर आणखी वरचा.

५. युनिव्हर्सल क्रेडिट म्हणजे काय? त्यात भागतं का?

बेकारी भत्ता, घरभाड्याची मदत, मुलांसाठीची करसवलत अशा सहा जुन्या योजना एकत्र करून २०१३ पासून ही योजना आणली. काम नसलेल्यांना मिळते तशी कमी पगारवाल्यांनाही मिळते. २५ वर्षांवरच्या एकट्या माणसाची मूळ रक्कम महिन्याला ४००.१४ पौंड. मुलं, आजारपण, भाडं यांसाठी वर आणखी मिळतं. शिल्लक १६,००० पौंडांपेक्षा जास्त असेल तर काहीच मिळत नाही.

भागत नाही. अर्ज केल्यावर पहिला हप्ता हातात यायला पाच आठवडे लागतात. तोवर हवी तर उचल मिळते, पण तीही पुढच्या हप्त्यांतून कापून घेतात. म्हणजे नोकरी गेलेला माणूस योजनेत शिरतो तोच कर्ज डोक्यावर घेऊन.

भाड्याच्या मदतीलाही मर्यादा आहे. त्या भागातल्या सर्वांत स्वस्त ३० टक्के घरांवरून ती ठरते, आणि मधल्या काळात सरकार ती गोठवून ठेवतं. भाडी मात्र वाढत राहतात. वरचा फरक मूळ रकमेतून, म्हणजे पोटाला चिमटा काढून भरावा लागतो.

६. तिसऱ्या मुलाला मदत मिळत नाही, हे खरं का?

बरीच वर्षं खरं होतं. ६ एप्रिल २०१७ ला किंवा नंतर जन्मलेल्या तिसऱ्या आणि पुढच्या मुलासाठी युनिव्हर्सल क्रेडिटमधली मुलाची रक्कम मिळत नसे. जुळी, दत्तक मूल, बलात्कारातून झालेलं मूल असे काही अपवाद होते. या शेवटच्या अपवादासाठी आईला तसं कळवावं लागे, आणि त्यावरून बराच संताप झाला. नोव्हेंबर २०२५ च्या अर्थसंकल्पात ही मर्यादा एप्रिल २०२६ पासून काढून टाकायची घोषणा झाली.

दोन गोष्टींत लोक गल्लत करतात. ‘चाइल्ड बेनिफिट’ हा मुलांमागे मिळणारा भत्ता वेगळा असतो. त्याला दोन मुलांची अट कधीच नव्हती. दुसरं म्हणजे, एका कुटुंबाला मिळणाऱ्या एकूण भत्त्यांवरही एक मर्यादा आहे. मुलं असलेल्या कुटुंबाला लंडनमध्ये वर्षाला २५,३२३ पौंड आणि बाहेर २२,०२०. दोन मुलांची अट गेली तरी ही उरतेच. त्यामुळे भाडं जास्त आणि कमाई नाही अशा मोठ्या कुटुंबाला एका हाताने मिळालेलं दुसऱ्या हाताने जाऊ शकतं. स्कॉटलंडची गोष्ट निराळी. तिथलं सरकार २०२१ पासून गरीब घरातल्या मुलांना दर आठवड्याला वेगळी रक्कम देतं.

७. फूड बँकेत कोणीही जाऊन सामान घेऊ शकतं का?

फूड बँक म्हणजे गरजूंना फुकट शिधा देणारं केंद्र. सगळ्यात मोठं जाळं ट्रसेल या संस्थेचं आहे. तिथे सहसा आधी चिठ्ठी लागते. डॉक्टर, शाळा, मोफत सल्ला देणारी सिटिझन्स अ‍ॅडव्हाइस संस्था यांपैकी कोणीतरी ती देतं. तिच्यावर साधारण तीन दिवसांचं सामान मिळतं. स्वतंत्र फूड बँकाही शेकडो आहेत आणि प्रत्येकीचे नियम निराळे. गुरुद्वाराच्या लंगरात तर कोणी काही विचारतच नाही.

२०१०-११ मध्ये ट्रसेलने ६१ हजारांच्या आसपास पिशव्या वाटल्या होत्या. २०२३-२४ मध्ये ३१ लाख. जाळं पसरलं हे त्याचं एक कारण, पण एवढी वाढ नुसत्या जाळ्याने होत नाही.

मी शनिवारी एका चर्चच्या हॉलमध्ये पिशव्या भरायला जाते. पहिल्याच दिवशी मला ‘केटल बॉक्स’ शिकवला. ज्यांच्याकडे शेगडी नाही, फक्त पाणी उकळायची किटली आहे, त्यांच्यासाठीचा हा खोका: कपात भिजणारे नूडल्स, पावडरचं सूप, बिस्किटं. आपल्या लोकांनी मोठ्या मनाने दिलेली राजमा-छोल्यांची पाकिटं मात्र तशीच पडून राहतात. तासभर शिजवायचं म्हणजे तासभर मीटर फिरणार.

८. तिकडे गरिबांना सरकारी घर मिळतं ना?

मिळायचं. १९८० च्या कायद्याने कौन्सिलच्या, म्हणजे इथल्या नगरपालिकेच्या, भाडेकरूंना राहतं घर मोठ्या सवलतीत विकत घ्यायचा हक्क मिळाला. एकट्या इंग्लंडमध्ये जवळपास २० लाख घरं अशी विकली गेली. ज्यांनी घेतली त्यांचं भलं झालं, हे खरंच. पण विकलेल्यांच्या जागी तितकी नवी घरं बांधली नाहीत. विकलेल्यांतली कित्येक पुढे खासगी मालकांकडे गेली, आणि आता कौन्सिल त्याच घरांचं बाजारभावाने भाडं भरायला मदत करतं. स्कॉटलंडने ही विक्री २०१६ मध्ये थांबवली, वेल्सने २०१९ मध्ये.

आज इंग्लंडमध्ये सरकारी घरासाठी १३ लाखांच्या आसपास कुटुंबं रांगेत आहेत. सुमारे १ लाख ३० हजार कुटुंबं ‘तात्पुरत्या’ निवाऱ्यात राहतात. मुलंबाळं असलेल्या कुटुंबाला बी अँड बी हॉटेलात सहा आठवड्यांपेक्षा जास्त ठेवू नये असा नियम आहे, आणि तो सर्रास मोडला जातो. एका खोलीत चौघं, अभ्यासाला जागा पलंगावर, आणि नवी जागा दिली तर ती कधी दुसऱ्याच गावात. मला विचाराल तर ब्रिटिश गरिबीचं मूळ या एका प्रश्नात आहे. बाकीचे प्रश्न त्याच्या फांद्या.

९. ही गरिबी जुनी आहे की अलीकडे वाढली?

जुनी आहे, मधे कमी झाली आणि पुन्हा वाढली.

चॉकलेटच्या कारखानदार घराण्यातल्या सीबम राउन्ट्रीने १८९९ मध्ये यॉर्क शहरातल्या कामगारांच्या घराघरांत पाहणी करवली. नवरा-बायको आणि तीन मुलांना नुसतं धडधाकट राहायला आठवड्याला २१ शिलिंग ८ पेन्स लागतात, असा त्याचा हिशोब होता. त्यात वर्तमानपत्र, बसभाडं, मुलांची खेळणी काहीच धरलेलं नव्हतं. तरी शहरातली सुमारे १० टक्के माणसं त्याच्याही खाली निघाली, आणि पैसे जेमतेम असूनही गरिबीत दिसणारी धरून सुमारे २८ टक्के. हा अभ्यास १९०१ मध्ये छापला गेला. भारताच्या दारिद्र्यावरचं दादाभाई नौरोजींचं पुस्तकही त्याच वर्षी लंडनहून निघालं. साम्राज्याचा पैसा तिकडे जात होता, पण तो यॉर्कच्या गल्ल्यांत पोहोचत नव्हता.

डिसेंबर १९४२ मध्ये बेव्हरिज अहवाल आला. त्यात गरज, रोगराई, अज्ञान, बकालपणा आणि बेकारी हे पाच राक्षस ठरवले होते. युद्धानंतर आरोग्यसेवा, विमा, निवृत्तिवेतन आणि कौन्सिलची घरं आली. विषमता मोजायचा गिनी निर्देशांक (० म्हणजे सगळे सारखे, १ म्हणजे सगळं एकाकडे) १९७० च्या दशकाच्या अखेरीस ०.२५ च्या आसपास उतरला होता. मग खाणी, गिरण्या, गोद्या बंद पडल्या, कामगार संघटना मोडल्या, वरच्या थरावरचे कर घटले, आणि १९९० पर्यंत तो ०.३४ वर गेला. गरीब मुलांचं प्रमाण १९७९ मध्ये सातांत एक होतं, ते १९९० च्या दशकाच्या मध्यात तिनांत एक झालं. गिरणगाव बंद पडताना पाहिलेल्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

१९९९ मध्ये टोनी ब्लेअर यांनी वीस वर्षांत मुलांची गरिबी संपवायचं वचन दिलं. करसवलती वाढल्या, आकडा बराच खालीही आला. २०१० नंतरच्या काटकसरीत भत्ते गोठले आणि तो पुन्हा वर सरकला. २०१० चा उद्दिष्टांचा कायदाही २०१६ मध्ये गुंडाळला.

१०. उत्पन्नातली विषमता आणि संपत्तीतली विषमता एकच ना?

नाही. उत्पन्न म्हणजे नळाचं पाणी, संपत्ती म्हणजे टाकीतलं. २०१८-२० च्या पाहणीप्रमाणे सगळ्यात श्रीमंत १० टक्के घरांकडे ४३ टक्के संपत्ती होती आणि खालच्या अर्ध्या देशाकडे मिळून फक्त ९ टक्के. सारख्याच पगाराच्या दोन मैत्रिणींपैकी जिच्या आईवडिलांनी घराच्या पहिल्या रकमेला हात दिला, ती दहा वर्षांत दुसरीच्या कितीतरी पुढे जाते. गंमत म्हणजे इंग्लंडमधली कौन्सिल टॅक्सची (म्हणजे आपल्या घरपट्टीसारख्या कराची) पट्टी आजही घरांच्या १९९१ मधल्या किमतींवर ठरते.

११. लंडन श्रीमंत आणि उत्तर इंग्लंड गरीब, असं म्हणायचं का?

अर्धंच खरं. ब्लॅकपूलमध्ये पुरुषांचं आयुर्मान दक्षिणेतल्या सधन भागांपेक्षा दहा वर्षांच्या आसपास कमी आहे. पण वंचिततेच्या सरकारी क्रमवारीत इंग्लंडमध्ये सगळ्यात तळाला वारंवार येणारी वस्ती उत्तरेत नाहीच. ती आहे एसेक्सच्या किनाऱ्यावरचं जेविक. लंडनकरांच्या सुट्टीसाठी १९३० च्या दशकात बांधलेल्या हलक्या बंगल्यांत लोक कायमचे राहायला लागले.

आणि लंडन? भाडं वजा केलं (प्रश्न ३) की लंडनची गरिबी देशाच्या सरासरीच्या वर जाते. जून २०१७ मध्ये ७२ माणसं जळून मेली तो ग्रेनफेल टॉवर लंडनच्या अतिश्रीमंत ‘बरों’पैकी (पालिका-विभागांपैकी) एकीत उभा होता.

१२. तिथले भारतीय तर चांगलं कमावतात, मग हा प्रश्न आपला कसा?

सरासरी पाहिली तर भारतीयांचा ताशी पगार गोऱ्या ब्रिटिशांपेक्षा जास्त आहे, आणि पाकिस्तानी-बांगलादेशी समाजात मात्र निम्म्याच्या आसपास लोक गरीब आहेत. पण सरासरी म्हणजे आयटीवाला आणि केअर होममध्ये रात्रपाळी करणारी बाई यांची बेरीज भागिले दोन. आपल्या गणपतीत पहिलाच भेटतो, दुसरीला सुट्टी नसते.

१३. माझ्या व्हिसावर ‘नो रिकोर्स टू पब्लिक फंड्स’ आहे. अडचणीत आले तर काय करू?

सरकारी मदत घेता येणार नाही, अशी ही अट विद्यार्थी आणि स्किल्ड वर्कर व्हिसावर असते. युनिव्हर्सल क्रेडिट, चाइल्ड बेनिफिट, कौन्सिलचं घर, उत्पन्न कमी म्हणून मिळणारी कौन्सिल टॅक्सची सवलत हे सगळं ‘पब्लिक फंड्स’मध्ये येतं. ते घेतलं तर पुढे व्हिसाला धोका.

पण पुष्कळ गोष्टी त्यात येत नाहीत आणि लोक भीतीपोटी त्याही सोडतात. एनएचएस या सरकारी आरोग्यसेवेचे उपचार (तुम्ही वर्षाला १,०३५ पौंड, विद्यार्थी असाल तर ७७६, अधिभार भरलेला असतो), मुलांची सरकारी शाळा, मालकाकडून मिळणारा आजारपणाचा आणि बाळंतपणाचा पगार, एकट्या राहणाऱ्याला कौन्सिल टॅक्समध्ये मिळणारी २५ टक्के सूट. फूड बँक धर्मादाय असते, तिचा व्हिसाशी संबंध नाही. उत्पन्नाच्या अटीत बसत असाल तर शाळेतलं मोफत जेवणही मिळतं.

जोडीदार ब्रिटिश नागरिक असेल तर तो स्वतःच्या हक्काने अर्ज करू शकतो, फक्त तुमच्यामुळे रक्कम वाढता कामा नये. इथे चूक महाग पडते. नोंदणीकृत सल्लागाराला विचारल्याशिवाय फॉर्म भरू नका. व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरच्या दादांना तर अजिबात विचारू नका.

१४. पगार वाढला तर हातात कमी येतं, असं ऐकलं. शक्य आहे का?

हो, काही ठिकाणी. युनिव्हर्सल क्रेडिटवर असलेल्या आणि कर भरणाऱ्या माणसाने एक पौंड जास्त कमावला तर आयकर आणि राष्ट्रीय विमा (नॅशनल इन्शुरन्स) यांचे २८ पेनी जातात. उरलेल्या ७२ पेनींवर ५५ टक्के भत्ता घटतो. हातात येतात जेमतेम ३२ पेनी.

घरच्या आजारी माणसाची आठवड्याला ३५ तास सेवा करणाऱ्याला ८३.३० पौंडांचा ‘केअरर्स अलाउन्स’ मिळतो. पण त्याची स्वतःची आठवड्याची कमाई १९६ पौंडांच्या एक पौंडही वर गेली तर सगळा भत्ता जातो. कित्येकांना वर्षांनंतर हजारो पौंड परत करायच्या नोटिसा आल्या आहेत.

वरच्या टोकालाही असा एक कडा आहे. एकाचा पगार एक लाख पौंडांच्या वर गेला की पाळणाघराची मोफत तासांची सवलत जाते. दोघांना प्रत्येकी ९९ हजार असतील तर राहते. त्यांची काळजी करायला वर्तमानपत्रं समर्थ आहेत.

१५. स्वतःचं घर असलेल्या म्हाताऱ्यांना गरीब का धरायचं?

बहुतेकांना धरत नाहीतच. १९९० च्या दशकात चारांत एकाहून जास्त वृद्ध गरीब होते, आता सहांत एक. पेन्शन दर वर्षी महागाई, पगारवाढ किंवा अडीच टक्के यांत जे जास्त असेल तितकी वाढते. उरलेले गरीब वृद्ध बहुधा भाड्याने राहणारे. कमी उत्पन्नाच्या वृद्धांसाठी असलेल्या ‘पेन्शन क्रेडिट’ या भत्त्याला पात्र असलेल्यांपैकी तिसरा हिस्सा अर्जच करत नाही, काही माहिती नाही म्हणून आणि काही लाजेपोटी.

१६. गरिबाला तीच वस्तू महाग कशी पडते?

पाव-पाव किलो साखर आणणाऱ्याला महिन्याचं सामान एकदम भरणाऱ्यापेक्षा जास्त मोजावे लागतात, तसंच. गाडीचा विमा हप्त्याने भरला की व्याज लागतं. आधी पैसे भरायचे विजेचे मीटर पूर्वी महाग दराने चालत. तो फरक आता जवळपास काढला आहे. पण बँकेतून दरमहा सारखी रक्कम भरणाऱ्याचा हिवाळ्याचा खर्च वर्षभर पसरतो, आणि मीटरवाल्याला जानेवारीचे सगळे पैसे जानेवारीतच टाकावे लागतात. नाही टाकले तर अंधार. त्याची नोंद ‘ग्राहकाने पुरवठा बंद केला’ अशी होते.

१७. मी इथे नवीन आहे. मदत म्हणून काय देऊ?

जमत असेल तर पैसे द्या, आम्ही घाऊक दरात आणतो. वस्तूच द्यायच्या तर आधी फोन करून काय कमी आहे ते विचारा. बहुधा सॅनिटरी पॅड, मोठ्या मापाचे डायपर, धुण्याची पावडर हेच सांगतील, कारण सगळे जण बीन्सच आणतात. आणि डबे द्याल तर रिंग ओढून उघडायचे द्या. ओपनर सगळ्यांकडे नसतो.